फॉरमॅट मारण्याआधी...

२०२५ च्या मे महिन्यातली गोष्ट. रात्री साडेनऊला बाबांचा फोन आला. बाबा नऊच्या ठोक्याला झोपणारे. त्यामुळे मोबाइलवर त्यांचं नाव बघताच माझ्या पोटात गोळा आला.

"तब्येत बरी आहे," त्यांनी आधीच सांगून टाकलं. "कॉम्प्युटर तेवढा सुरू होईना. विंडोजचं चित्र येतं की परत पहिल्यापासून सुरू. चार दिवस हेच चाललंय."

"एवढंच ना बाबा? रविवारी येते, बघू."

पलीकडून थोडा वेळ काहीच आवाज नाही. मग हळूच म्हणाले, "तुझ्या आईचं सगळं त्यात आहे गं."

वाचकहो, इथे थोडं मागचं सांगायला हवं. माझी आई गोकाककडची. लग्न होऊन खानापूर तालुक्यात आली तेव्हा तिला मराठीचं अक्षर येत नव्हतं. पुढे मराठी शिकली, आमच्याशी मराठीच बोलली; पण दळण-कांडण आणि पोरांना झोपवणं हे तिचं शेवटपर्यंत कन्नडमध्ये. जात्यावरची त्रिपदी, जोगुळ, सणावारांच्या रीती, कुठल्या दुखण्यावर कुठला पाला... बाबा प्राथमिक शाळेतून निवृत्त झाले आणि त्यांनी हे सगळं वहीत उतरवायला घेतलं. वर कन्नड, खाली मराठी अर्थ. २०१० साली आम्ही भावंडांनी त्यांना कॉम्प्युटर घेऊन दिला. 'बरह' नावाच्या सॉफ्टवेअरमध्ये कन्नड आणि देवनागरी दोन्ही लिहिता येतं हे कळल्यावर तर बाबांना आकाश ठेंगणं झालं. रोज संध्याकाळी आई खुर्चीत बसून सांगायची आणि बाबा दोन बोटांनी टाइप करायचे. सात-आठ वर्षं हे चाललं. २०१८ साली आई गेली. २०१९ च्या ऑगस्टमध्ये जिल्ह्यात पुराने जो हाहाकार केला, त्या पावसात आमच्या माडीवरचं छप्पर गळलं आणि वह्यांची ट्रंक भिजली. शाई पसरून पानं एकमेकांना चिकटली. उरलं ते कॉम्प्युटरमध्ये होतं तेवढंच. आणि त्याची दुसरी प्रत? मी मराठीची प्राध्यापिका, मुलांना हस्तलिखितं जपण्यावर तास घेते. पण घरच्या ऐवजाची प्रत काढायचं 'करू कधीतरी' म्हणून सात वर्षं राहिलं होतं.

सगळ्यांचा एकच सल्ला

रविवारी माहेरी गेले तर मशीनवर आधीच बरेच इलाज होऊन गेलेले. माझा भाचा इंजिनिअरिंगला आहे. त्याने पाहून सांगितलं, "आजोबा, विंडोज करप्ट झालंय. फॉरमॅट मारायचं की." तालुक्याच्या एका दुकानात नेलं, तिथेही तेच. "फॉरमॅट मारून देतो, आठशे रुपये. आतलं जाईल पण." बाबांनी एक शब्द न बोलता सीपीयू उचलला आणि परत आणला.

फॉरमॅट म्हणजे काय, हे आपल्यापैकी अनेकांना नीट ठाऊक नसतं. घराचं दार उघडत नाही म्हणून घरच पाडून नवं बांधायचं, असा तो प्रकार. नवं दार उघडतंच. त्यामुळे इलाज बरोबर होता असं सगळ्यांना वाटतं. मूळ बिघाड कुठे होता हे कुणाला कळतच नाही. रोग रेड्याला आणि औषध पखालीला!

मी आमच्या कॉलेजच्या कॉम्प्युटर लॅबमधल्या इन्स्ट्रक्टरना फोन लावला. घरी कन्नड बोलणारे, अत्यंत सावकाश गृहस्थ. सगळं ऐकून घेऊन म्हणाले, "अवसरा माडबॅड्री मॅडम. मशीन आता परत चालू करून बघू नका. आहे तसं घेऊन या."

सोमवारी आम्ही बेळगावला निघालो. बाबा मागच्या सीटवर, सीपीयू मांडीवर. खानापूरपासून बेळगावपर्यंत त्यांनी तो खाली ठेवला नाही.

आधी ऐवज, मग दुरुस्ती

मला वाटलं होतं, सर लगेच मशीन सुरू करून बघतील. त्यांनी बटणाला हातच लावला नाही. "मोदल डेटा, आमॅले रिपेरी," म्हणत त्यांनी बाजूचं झाकण उघडलं, चार स्क्रू काढून हार्ड डिस्क बाहेर घेतली आणि एका छोट्या अ‍ॅडाप्टरने लॅबच्या दुसऱ्या कॉम्प्युटरला यूएसबीवर जोडली.

हे मला नवीन होतं. कॉम्प्युटर सुरू होत नाही म्हणजे आतलं सगळं गेलं, असंच आपण धरून चालतो. खरं तर सुरू न होणं वेगळं आणि आतला मजकूर नष्ट होणं वेगळं. किल्ली हरवली म्हणून कपाटातले दागिने नाहीसे होत नाहीत. डिस्क स्वतः धडधाकट असेल, तर ती दुसऱ्या मशीनला पेन ड्राइव्हसारखी जोडून वाचता येते.

सरांनी कान लावून डिस्कचा आवाज ऐकला. टक्-टक् असा ठेका येत असता, तर आतली सुई निकामी होत चालल्याची ती खूण असती. अशा वेळी डिस्क पुन्हा पुन्हा चालू करणं म्हणजे जखमेवर घासणं. डेटा मोलाचा असेल, तर तिथेच थांबून डेटा काढून देणाऱ्या जाणकाराकडे जायचं. आमच्या डिस्कचा आवाज स्वच्छ होता. पडद्यावर फोल्डर उघडलं आणि बाबा चष्मा सावरत पुढे झुकले. फाइलींना त्यांनीच दिलेली नावं एकेक वाचू लागले. नागपंचमी. बाळंतविडा. जोगुळ एक, जोगुळ दोन. जोगुळ सतरापर्यंत होते.

सगळं दोन ठिकाणी उतरवून घेतलं. एक प्रत बाहेरच्या हार्ड डिस्कवर, एक माझ्या लॅपटॉपवर. कॉपी पूर्ण झाल्यावर बाबांनी सरांकडे पाणी मागितलं. सकाळपासून ते पाणीही प्यायले नव्हते.

कुठल्या पायरीवर अडतंय?

आता दुरुस्ती. सरांनी मला आधी एक गोष्ट समजावली, ती तुम्हालाही सांगते. कॉम्प्युटर सुरू होणं ही एक घटना नसते. ती चार-पाच पायऱ्यांची चढण असते.

बटण दाबलं की वीज पुरवणारी पेटी म्हणजे पॉवर सप्लाय जागी होते. मग मदरबोर्डवरच्या चिपमध्ये कायम बसलेला एक छोटा प्रोग्रॅम उठतो. जुन्या मशीनमध्ये त्याला बायोस म्हणतात, नव्या मशीनमध्ये यूईएफआय. तो रॅम, कीबोर्ड, डिस्क आहेत ना, याची हजेरी घेतो. याचं नाव पॉवर ऑन सेल्फ टेस्ट. हजेरी झाली की तो डिस्कवर विंडोज शोधतो आणि कारभार तिच्या हाती देतो. मग विंडोज आपले ड्रायव्हर, म्हणजे एकेका भागाशी बोलणारे दुभाषे, कामाला लावते. शेवटी आपला डेस्कटॉप दिसतो. या सगळ्याला 'बूट' होणं म्हणतात. आपल्याच बुटाचे पट्टे धरून स्वतःला वर उचलायचं, अशा इंग्रजी वाक्प्रचारातून तो शब्द आला. काहीच चालू नसताना स्वतःच स्वतःला चालू करायचं, म्हणून.

"आता तुम्ही सांगा," सर म्हणाले, "गाडी कुठल्या स्टेशनवर थांबते? पडद्यावर काहीच येत नसेल तर वीज नाही तर रॅम. कंपनीचं नाव येऊन पुढे जात नसेल तर डिस्क किंवा तिची केबल. विंडोजच्या चित्रावर अडत असेल तर ड्रायव्हर, खराब झालेली फाइल, नाही तर डिस्कशी बोलणं तुटलंय. डेस्कटॉप येऊन पाच-दहा मिनिटांनी बंद पडत असेल तर बहुतेक उष्णता. आत धूळ, पंखा अडकलेला." आमचं मशीन विंडोजच्या चित्रावर अडत होतं.

मग ते मशीनकडे न वळता बाबांकडे वळले. "बंद आगो मुंचे एनाय्तु, गुरूजी?"

इतके दिवस हा प्रश्न बाबांना कुणीच विचारला नव्हता. मीसुद्धा नाही.

बाबा चाचरत सांगू लागले. त्या आठवड्यात वळीव फार झाला. कडाडून विजा. कॉम्प्युटर जळू नये म्हणून त्यांनी प्लगच काढून ठेवला. चार दिवसांनी लावला, तर पडद्यावर इंग्रजीत काहीतरी लिहून आलं आणि खाली एफ १ दाबा असं होतं. दाबलं. तेव्हापासून हे असं. "मीच काहीतरी बिघडवलं बघा," बाबा खाली मान घालून म्हणाले. चाळीस वर्षं शाळा चालवलेला माणूस.

"छे छे, गुरूजी. प्लग काढलात तेच बरोबर. वीज पडली असती तर बोर्डच गेला असता," सर म्हणाले आणि त्यांनी डिस्क परत बसवून मशीन सुरू केलं. तीच पाटी आली. कोपऱ्यातली तारीख वाचून ते हसले. १ जानेवारी २००९!

बटणाएवढा सेल

मदरबोर्डवर एक रुपयाच्या नाण्यासारखा दिसणारा एक सेल असतो. त्यावर सीआर २०३२ असं लिहिलेलं असतं. वीस म्हणजे वीस मिलिमीटर व्यास, बत्तीस म्हणजे ३.२ मिलिमीटर जाडी. दाब तीन व्होल्ट. मशीनची वीज बंद असताना घड्याळ चालू ठेवणं आणि बायोसमध्ये आपण केलेली मांडणी लक्षात ठेवणं, एवढंच त्याचं काम. काही वर्षांनी तो संपतो. पण मशीनचा प्लग भिंतीत असेल, तर ती आठवण भिंतीतल्या विजेवर टिकून राहते आणि सेल संपल्याचा पत्ताच लागत नाही. बाबांचा सेल कधी संपला होता कोण जाणे! प्लग निघाला, चार दिवस गेले आणि मशीन सगळं विसरलं. आज तारीख काय, आणि हार्ड डिस्कशी कुठल्या पद्धतीने बोलायचं, हेही.

हे दुसरं विसरणं महागात पडलं. डिस्कशी बोलण्याच्या दोन पद्धती असतात, जुनी आयडीई आणि नवी एएचसीआय. बाबांचं विंडोज ७ बसवताना दुसरी पद्धत लावलेली होती. सेल संपल्यावर बायोस कारखान्यातल्या मूळ मांडणीवर गेला, ती या मशीनमध्ये पहिली होती. मग काय, मशीन एका भाषेत बोलतंय आणि विंडोजला उठल्या-उठल्या दुसरीच भाषा येतेय. आपल्या सीमाभागातल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको. डिस्क समोर असून विंडोजला ती सापडेना. म्हणून विंडोज कोसळायची आणि मशीन पुन्हा पहिल्यापासून सुरू व्हायचं.

सरांनी अंदाजावर काम केलं नाही. सुरू होताना एफ ८ दाबून 'बिघाड झाल्यास आपोआप रीस्टार्ट' हा पर्याय बंद केला. एरवी क्षणात नाहीसा होणारा निळा पडदा मग तसाच उभा राहिला. त्यावरच्या आकड्याच्या शेवटी होतं ७बी. बूट करायची डिस्क हाती लागत नाही, असा त्याचा अर्थ.

नवा सेल चाळीस रुपयांना मिळाला. तो बसवून सरांनी बायोस उघडला, तारीख लावली, पद्धत बदलली, सेव्ह केलं. पडद्यावर चार रंगांचे ठिपके आले, फिरले, एकत्र आले. आणि आईचा गौरीपुढे बसलेला फोटो असलेला डेस्कटॉप उघडला. बाबांनी तो दररोज बघितलेला. तरी हात जोडले.

येताना गाडीत मी हिशेब करत होते. फॉरमॅट मारलं असतं तर काय झालं असतं? नवं विंडोज त्या जुन्या पद्धतीवर छान बसलं असतं. मशीन सुरूही झालं असतं. दुकानदाराचं बरोबर ठरलं असतं, भाच्याचंही. आणि एका संपलेल्या सेलपायी आईचे सतरा जोगुळ पुसले गेले असते. सर निघताना म्हणाले होते, "मॅडम, बायोसमधला बदल उलटवता येतो. फॉरमॅट उलटवता येत नाही. जे उलटवता येतं ते आधी करून बघायचं."

तुमच्या घरी असं झालं तर

घरोघरी उपयोगी पडेल असं, सरांना विचारून लिहिलेलं थोडंसं:

पहिलं म्हणजे पेन ड्राइव्ह, प्रिंटर, जास्तीचं सगळं काढून टाका आणि फक्त कीबोर्ड-माउस ठेवून सुरू करा. विसरलेल्या पेन ड्राइव्हवरच मशीन विंडोज शोधत बसल्याची उदाहरणं पुष्कळ. एक्स्टेंशन बोर्ड बदलून बघा.

पडद्यावर काहीच येत नसेल आणि नुसते बीप वाजत असतील, तर रॅम ढिली झालेली असू शकते. प्लग काढून, हात एखाद्या धातूला लावून घेऊन, रॅम काढायची, सोनेरी कडा स्वच्छ खोडरबराने हलकेच पुसायची आणि खटका बसेपर्यंत परत बसवायची. जुन्या मशीनमध्ये पॉवर सप्लाय थकलेला असतो, तोही मधेच रीस्टार्ट करतो. मदरबोर्डवरचे डब्यांसारखे कपॅसिटर वरून फुगलेले दिसले, तर मात्र ते जाणकाराचं काम. पॉवर सप्लायची पेटी स्वतः कधीही उघडू नये. प्लग काढल्यावरही तिच्यात वीज साठलेली असते.

विंडोजच्या चित्रावर अडत असेल, तर सेफ मोड आजमावा. विंडोज ७ मध्ये एफ ८. विंडोज १० आणि ११ मध्ये दोन-तीनदा सुरू होणं फसलं की दुरुस्तीचा पडदा आपोआप येतो. त्यात स्टार्टअप सेटिंग्जमध्ये जाऊन ४ दाबायचं. सेफ मोडमध्ये मशीन नीट सुरू झालं, तर अलीकडे काय नवीन टाकलं ते आठवा. संशयित बहुतेक तोच. आणि एका वेळी एकच गोष्ट बदला. चार गोष्टी एकदम बदलल्या, तर कशाने बरं झालं ते कळत नाही.

हे फक्त घरगुती मशीनचं नाही. १९ जुलै २०२४ रोजी क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीच्या एका सदोष अपडेटने जगभरातले सुमारे ८५ लाख विंडोज कॉम्प्युटर असेच निळ्या पडद्यावर अडकले. हा आकडा मायक्रोसॉफ्टने दिलेला. विमानं रखडली, आपल्या देशात काही विमानतळांवर हाताने लिहिलेले बोर्डिंग पास दिले गेले. आणि इलाज काय होता? सेफ मोडमध्ये जाऊन एक फाइल पुसायची. एवढ्या मोठ्या गोंधळातही फॉरमॅट हा इलाज नव्हता.

नवा लॅपटॉप असणाऱ्यांनी एक गोष्ट आजच करावी. अशा पुष्कळ लॅपटॉपमध्ये डिस्क कुलूपबंद, म्हणजे एन्क्रिप्टेड असते. बिघाड झाला की ते ४८ आकडी रिकव्हरी की मागतात. ती नसेल, तर आम्ही केलं तसं डिस्क काढून वाचणंही जमत नाही. ती बहुधा तुमच्या मायक्रोसॉफ्ट अकाउंटमध्ये ठेवलेली असते. शोधून कागदावर लिहून ठेवा.

आणि विंडोज ७ ला १४ जानेवारी २०२० पासून सुरक्षेचे अपडेट मिळत नाहीत; विंडोज १० चा नेहमीचा आधारही १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला. बाबांच्या मशीनला आम्ही इंटरनेट जोडलेलं नाही. ते लिहिण्यापुरतं आहे.

आईचं लेखन आता चार ठिकाणी आहे. एक पेन ड्राइव्ह गोकाककडे मामांच्या घरी गेला. मामींनी जोगुळ वाचून दोन ओळी चुकल्यात म्हणून फोन केला, तर बाबा वाद घालायला लागले. तो वाद अजून मिटलेला नाही.

परवा माहेरी गेले होते. कॉम्प्युटरच्या प्लगच्या वर भिंतीला एक चिठ्ठी चिकटवलेली दिसली. बाबांचं शाळामास्तरी वळणदार अक्षर. 'सेल बदलला, मे २०२५.' खाली तेच कन्नडमध्ये.

"कन्नड कशाला, बाबा? इथे वाचणार कोण?"

"असू दे की," ते म्हणाले. "सवय आहे."